वारसांची सही

जुलै 2025च्या दुसऱ्या आठवड्यात आपल्याकडच्या सगळ्या वृत्तवाहिन्यांवर एकच तारीख फिरत होती, 16 जुलै. त्या दिवशी येमेनमधल्या सना शहरात केरळच्या निमिषा प्रिया या नर्सला मृत्युदंड दिला जाणार होता. पालक्काड जिल्ह्यातल्या गरीब घरातली ही मुलगी 2008मध्ये नोकरीसाठी येमेनला गेली आणि पुढे एका स्थानिक माणसाच्या मदतीने तिने स्वतःचा दवाखाना काढला. 2017मध्ये त्याच माणसाला, तलाल अब्दो महदीला, तिने गुंगीचं इंजेक्शन दिलं आणि त्यात तो मेला. त्याने पासपोर्ट दाबून ठेवला होता, लग्नाचे खोटे कागद केले होते, छळ चालवला होता, पासपोर्ट परत मिळवण्यापलीकडे आपला काही हेतू नव्हता, असं तिचं म्हणणं. महदीच्या घरच्यांना यातलं काहीच मान्य नाही. त्याच्या मृतदेहाचे तुकडे पाण्याच्या टाकीत सापडले होते. 2020मध्ये तिला मृत्युदंड झाला आणि नोव्हेंबर 2023मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायमंडळाने तो कायम केला.

त्यानंतर वाट एकच उरली होती. महदीच्या वारसांनी रक्ताची रक्कम, म्हणजे दियत, स्वीकारून माफी द्यायची. निमिषाची आई कोचीत लोकांकडे घरकाम करायची. ती एप्रिल 2024मध्ये सनाला जाऊन पोचली. सना हूती बंडखोरांच्या ताब्यात, तिथे भारताचा दूतावास नाही. दहा लाख डॉलर देऊ केल्याच्या बातम्या आल्या. 14 जुलैला भारताच्या अॅटर्नी जनरलनी सर्वोच्च न्यायालयात सांगितलं की सरकारच्या हातात फारसं काही नाही, दियतीची बोलणी हा खाजगी मामला असतो. केरळचे वयोवृद्ध धर्मगुरू कांतापुरम ए. पी. अबूबकर मुसलियार यांनी येमेनमधले सूफी विद्वान हबीब उमर बिन हाफिज यांच्यामार्फत शब्द टाकला. 15 तारखेला मृत्युदंड पुढे ढकलल्याची बातमी आली आणि देशाने सुटकेचा निःश्वास टाकला.

त्याच दिवसांत मृताच्या भावाने बीबीसीच्या अरबी सेवेला सांगितलं की आम्हाला किसास, म्हणजे जिवाबद्दल जीव, हवा आहे, दुसरं काही नको. गुन्ह्याने तर आम्ही होरपळलोच, पण वर्षानुवर्षं चाललेल्या खटल्यानेही होरपळलो, आणि आता भारतातली प्रसारमाध्यमं गुन्हेगारालाच बळी म्हणून दाखवतात, याचं दुःख त्याहून मोठं आहे, असा त्याच्या बोलण्याचा आशय होता. आपल्याकडे या मुलाखतीची बातमी झाली ती 'मृताचा भाऊ अडून बसला' अशा थाटात. किंमत वाढवून मागतोय का, त्याला कोणी चिथावलंय का, असे तर्क चालले. ज्याचा भाऊ गेला आणि धडपणे पुरायलाही मिळाला नाही, तो पैसे नको म्हणतो यात न समजण्यासारखं काय आहे, हा प्रश्न कोणाच्या मनात आल्याचं दिसलं नाही.

निमिषा प्रियाला मृत्युदंड होऊ नये, असंच मलाही वाटतं. कोणालाच होऊ नये असं वाटतं. पण त्या भावाच्या नकाराला मी अडेलपणा म्हणणार नाही. दियतीच्या कायद्याची सगळी नैतिक ताकद वारसाच्या या एका अधिकारात आहे. तो 'नाही' म्हणू शकतो, म्हणूनच त्याच्या 'हो'ला मोल येतं. जिथे नाही म्हणायची सोय उरत नाही, तिथे माफीच्या कागदावर सही होते, पण ती माफी नसते. लाहोरपासून कॅस्पियन समुद्रापर्यंतची जी प्रकरणं पुढे येतात, ती याच कसोटीवर लावून पाहावीत.

इस्लामपूर्व अरबस्तानात एका खुनाचा सूड दुसऱ्या खुनाने आणि त्याचा तिसऱ्याने, असं पिढ्यान् पिढ्या चालायचं. बक्र आणि तगलिब या टोळ्यांमधलं बसूसचं युद्ध एका सांडणीवरून पेटलं आणि चाळीस वर्षं धुमसलं, अशी कथा आहे. टोळीतल्या मोठ्या माणसाच्या जिवाबद्दल समोरच्यांचे दहा जीव घ्यायचे, हीही रीत होती. कुराणाने या व्यवहाराला मर्यादा घातली. जिवाबद्दल एकच जीव, तोही गुन्हेगाराचाच. आणि बकरा या सुऱ्यातल्या 178व्या आयतीत माफीचं दार उघडलं : वारसाने सोडून दिलं तर त्याने रीतसर मागावं आणि समोरच्याने चांगुलपणाने द्यावं, ही ईश्वराने दिलेली सवलत आणि कृपा आहे. मायदा या सुऱ्यात हक्क सोडून देणाऱ्याच्या पापांचं त्यातून परिमार्जन होतं असंही सांगितलं आहे. तेव्हा वारसापुढे तीन वाटा असतात. जिवाबद्दल जीव, दियत घेऊन माफी, किंवा काहीही न घेता माफी. तिसरी वाट सगळ्यांत थोर मानली जाते. पूर्ण दियतीचं जुनं माप शंभर उंटांचं.

हे ऐकून नाक मुरडणाऱ्यांनी आपल्याकडचं आपस्तंब धर्मसूत्र आठवावं. क्षत्रियाला मारलं तर वैर फेडण्यासाठी हजार गाई, वैश्याला मारलं तर शंभर, शूद्राला मारलं तर दहा, आणि वर प्रत्येक वेळी एक बैल. माणसाच्या जिवाचं मोल जन्मावरून ठरवण्यात आपणही मागे नव्हतो.

उंट गेले, रकमा आल्या. पाकिस्तानात 30,630 ग्रॅम चांदीच्या किमतीवरून सरकार दरवर्षी किमान दियत ठरवतं. इराणमध्ये न्यायसंस्था दर वर्षाचा दर जाहीर करते आणि चार पवित्र महिन्यांत मृत्यू झाला तर तो एक-तृतीयांशाने वाढतो. सौदी अरेबियाने 2011मध्ये अपघाती मृत्यूची रक्कम तीन लाख रियाल आणि हेतुपुरस्सर हत्येची चार लाख रियाल केली. मात्र बाईच्या जिवाचं मोल या बहुतेक व्यवस्थांमध्ये पुरुषाच्या निम्मं धरलं गेलं. सौदीत ज्यू आणि ख्रिस्ती पुरुषालाही निम्मं, आणि हिंदूंसारख्या इतर धर्मीयांना त्याहून कितीतरी कमी, साधारण सोळावा हिस्सा, असा हिशेब वर्षानुवर्षं चालल्याच्या नोंदी आहेत. ईश्वराची कृपा म्हणून सांगितलेल्या तरतुदीत हा दरफलक कुठून शिरला, हा प्रश्न मुस्लिम विचारवंतांनीच अनेकदा उपस्थित केला आहे. इराणमध्ये आता बाईच्या दियतीतला फरक सरकारी निधीतून भरून देतात. 2019मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केलं.

अर्थात हे दर मुख्यतः अपघातासाठी आणि नकळत झालेल्या मृत्यूसाठी. जाणूनबुजून केलेल्या खुनात दराला फारसा अर्थ नसतो. तिथे वारस म्हणतील ती रक्कम. ते कितीही मागू शकतात, काहीच मागू नये असंही ठरवू शकतात.

एप्रिल 2014. इराणमधला माझंदरान प्रांत, कॅस्पियन समुद्राकाठचा. पहाटेची वेळ, फाशीचा खांब उघड्यावर उभारलेला, कठड्यापलीकडे गर्दी. बलाल नावाच्या तरुणाला डोळ्यांवर पट्टी बांधून खुर्चीवर चढवलेलं, गळ्यात फास घातलेला. सात वर्षांपूर्वी रोयान गावच्या बाजारात पोरापोरांची हाणामारी झाली, बलालने स्वयंपाकघरातला सुरा काढला आणि अब्दुल्ला हुसेनजादे हा किशोरवयीन मुलगा मेला. अब्दुल्लाचे वडील फुटबॉल शिकवत. बलालही त्यांच्या हाताखाली खेळलेला. अब्दुल्लाची आई सामेरे अलीनेजाद हिचा धाकटा मुलगा आधीच मोटारसायकलच्या अपघातात गेला होता, अकरा वर्षांचा असताना. म्हणजे दोन्ही मुलगे गेले.

माफ करावं म्हणून तिच्यावर किती दबाव होता ते सगळ्या इराणला ठाऊक होतं. फुटबॉलच्या लोकप्रिय कार्यक्रमाच्या निवेदकाने दूरचित्रवाणीवरून आवाहन केलं होतं, कलावंतांनी पैसे गोळा केले होते. ती बधली नव्हती. पुढे तिने 'गार्डियन'शी बोलताना सांगितलं की त्याआधीच्या दिवसांत अब्दुल्ला तिच्या स्वप्नात येई आणि आपण चांगल्या ठिकाणी आहोत, बदला घेऊ नकोस असं सांगे, तरीही तिने त्या पहाटेपर्यंत मन बदललं नव्हतं. ती गर्दीपुढे बोलली. रिकाम्या घरात राहणं किती अवघड असतं ते तुम्हाला माहीत आहे का, असं तिने जमलेल्या लोकांना विचारलं. बलाल गयावया करत होता, माझ्या आईबापांकडे पाहून तरी सोडा म्हणत होता. तू माझ्या मुलाची दया केली होतीस का, असं तिने त्याला उलट विचारलं.

मग ती एका खुर्चीवर चढली, कारण त्याशिवाय तिचा हात त्याच्या तोंडापर्यंत पोचत नव्हता. आणि तिने त्याच्या थोबाडीत मारली. सगळी सात वर्षं त्या एका थपडेत होती. त्यानंतर तिने नवऱ्याला वर बोलावलं आणि दोघांनी मिळून बलालच्या गळ्यातला फास काढला. अराश खामूशी या छायाचित्रकाराने टिपलेले ते क्षण जगभरच्या वर्तमानपत्रांत छापून आले. खाली बलालची आई कठड्यापलीकडून हात पसरून रडत होती. ती सामेरेच्या पायांशी वाकायला लागली, सामेरेने तिला उठवून जवळ घेतलं, आणि दोघी एकमेकींच्या गळ्यात पडून रडल्या.

त्या थपडेने आपल्या मनातला राग गेला, गोठलेलं रक्त पुन्हा वाहायला लागल्यासारखं वाटलं, असं सामेरेने सांगितलं. माफीचं कौतुक करणारे बहुतेक लेख ही थप्पड ओझरती सांगून पुढे जातात, आईच्या हृदयाचे गोडवे गातात. माझ्या मते या प्रकरणातली सगळ्यांत महत्त्वाची गोष्ट ती थप्पडच. तिच्या आधी जे काही होतं, तो आग्रह होता, सल्ला होता, लोकांचं प्रेमळ दडपण होतं. थप्पड तिची स्वतःची होती. तिला मारता आलं असतं, कायदा तिच्या बाजूने होता, आणि खुर्ची ओढायला कोणी अडवणार नव्हतं. ती शक्ती पुरती हातात असताना तिने ती टाकून दिली. बलालला लगेच घरी जाता आलं नाही. इराणच्या कायद्यात वारसांनी माफ केलं तरी सार्वजनिक शांतता बिघडवल्याबद्दल तीन ते दहा वर्षांची कैद होऊ शकते.

याच देशातली दुसरी पहाट ऑक्टोबर 2009मधली, तेहरानच्या एविन तुरुंगातली. बहनूद शोजाई सतरा वर्षांचा असताना एका बागेतल्या मारामारीत त्याच्या हातून दुसरा मुलगा मेला होता. फाशी अनेकदा लागली आणि अनेकदा पुढे ढकलली. इराणी पडद्यावरचे नामवंत नट मृताच्या घरी जाऊन विनवण्या करून आले. त्या पहाटे तुरुंगाबाहेर लोक प्रार्थना करत उभे होते. आत बहनूदने त्या आईच्या पायांवर लोळण घेतली. तिने नाही म्हटलं. त्याचे वकील मोहम्मद मुस्तफाई यांनी नंतर लिहिलं की मुलाच्या आईवडिलांनी स्वतः त्याच्या पायाखालची खुर्ची ओढली.

सामेरेला देवी ठरवून या आईला राक्षसीण ठरवणं सोपं आहे. पण दोघींच्या हातात तोच कायदा होता आणि दोघींचं दुःख सारखंच होतं. अल्पवयात केलेल्या गुन्ह्यासाठी कोणालाही फाशी द्यायची नाही, असं ठरवणं हे राज्याचं काम. इराणने तसा आंतरराष्ट्रीय करार स्वीकारलेला आहे. राज्याने ते काम केलं नाही आणि ती खुर्ची एका मुलगा गेलेल्या बाईच्या हाताशी आणून ठेवली. वर जगाने तिलाच जाब विचारला.

आता लाहोर. 27 जानेवारी 2011 रोजी मोझंग चौकात रेमंड डेव्हिस या अमेरिकी हेरखात्याच्या कंत्राटी माणसाने मोटारसायकलवरच्या दोन तरुणांना गोळ्या घातल्या. त्याच्या मदतीला उलट्या दिशेने सुसाट आलेल्या वकिलातीच्या गाडीखाली तिसरा माणूस मेला. सगळं पाकिस्तान रस्त्यावर आलं. मारल्या गेलेल्यांपैकी एकाच्या तरुण बायकोने फेब्रुवारीत विष घेतलं. रुग्णालयातल्या खाटेवरून तिने कॅमेऱ्यांपुढे सांगितलं की मला पैसे नकोत, रक्ताबद्दल रक्त हवं, डेव्हिसला सोडून देतील याची मला खात्री आहे. त्यातच ती गेली.

16 मार्चला कोट लखपत तुरुंगातच न्यायालय भरलं. मृतांच्या अठरा वारसांना आणलं होतं. त्यांनी एकेक करून माफीच्या कागदांवर सह्या केल्या, न्यायाधीशांनी डेव्हिसला सोडलं आणि तो त्याच दिवशी विमानाने देशाबाहेर गेला. रक्कम होती वीस कोटी पाकिस्तानी रुपयांच्या आसपास, म्हणजे साधारण 23 ते 24 लाख डॉलर. अमेरिकेने पैसे दिले नाहीत, असं परराष्ट्रमंत्री हिलरी क्लिंटन यांनी सांगितलं. कुटुंबांच्या वकिलाने सांगितलं की त्यालाही अडकवून ठेवलं होतं आणि सह्या दडपणाखाली झाल्या. डेव्हिसने पुढे आपल्या पुस्तकात लिहिलं की सह्या करणाऱ्या बायका रडत होत्या आणि पाकिस्तानी गुप्तचर संस्थेचे प्रमुख न्यायालयात बसून अमेरिकी राजदूताला मोबाईलवरून क्षणाक्षणाची खबर देत होते.

कायद्याच्या भाषेत हेही दियत घेऊन दिलेली माफीच. आयत तीच, कलम तेच. पण त्या खोलीत सही नाकारायची कोणाची छाती होती? जिने नाकारलं होतं ती महिन्यापूर्वीच मेली होती.

पाकिस्तानात हा कायदा जुना आहे असा अनेकांचा समज असतो. प्रत्यक्षात 1990पर्यंत तिथे आपलीच दंडसंहिता चालायची, 1860ची, ब्रिटिशांची. खून म्हणजे राज्याविरुद्धचा गुन्हा, आणि वारसांना त्यात बोलायचा अधिकार नाही. 1989मध्ये गुल हसन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या शरियत अपील पीठाने ही कलमं इस्लामशी विसंगत ठरवली, 1990मध्ये अध्यादेश आला आणि 1997मध्ये कायदा झाला. पुढे काय झालं याचं एक उदाहरण कराचीचं. 2012च्या डिसेंबरात शाहरुख जतोई या बड्या घरातल्या मुलाने एका पोलीस अधिकाऱ्याच्या विशीतल्या मुलाला मारलं. मृत्युदंड झाला, आणि काही महिन्यांतच मुलाच्या आईवडिलांनी माफी दिली. पैसे घेतले नाहीत, अल्लाच्या नावाने माफ केलं, असं त्यांनी सांगितलं. मुलीही होत्या घरात, आणि समोर सिंधमधलं गडगंज सरंजामी घराणं होतं. 2022मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आरोपींना सोडून दिलं.

सगळ्यांत वाईट अवस्था होते ती मारणारा आणि मेलेला एकाच घरातला असला की. मुलतानजवळ 2016च्या जुलैमध्ये समाजमाध्यमांवर गाजलेल्या कंदील बलोचला तिच्या भावाने झोपेत गळा दाबून मारलं आणि कॅमेऱ्यापुढे त्याची बढाई मारली. तिचे वारस कोण? तिचे आईवडील, म्हणजे खुन्याचेही आईवडील. सुरुवातीला बापाने मुलाला माफ करणार नाही म्हणून निक्षून सांगितलं. त्या खुनाने देश हलला आणि ऑक्टोबरमध्ये संसदेने कायदा बदलला. अब्रूच्या नावाने केलेल्या खुनात वारसांनी माफ केलं तरी जन्मठेप द्यावी लागेल, असं ठरलं. भावाला 2019मध्ये जन्मठेप झाली. आईबापांनी त्याला माफ केलं होतं, आणि फेब्रुवारी 2022मध्ये लाहोर उच्च न्यायालयाच्या मुलतान पीठाने त्याला निर्दोष सोडलं. खून अब्रूसाठी झाला होता की नाही हे ठरवणं न्यायाधीशांच्या हातात होतं, आणि ती फट तशीच राहिली होती.

त्या आईबापांना मी मतलबी म्हणणार नाही. मुलगी गेली, म्हातारपणाचा आधार मुलगाच. त्यांच्यापुढे निवड ठेवणाऱ्या कायद्यालाच हे आधी कळायला हवं होतं.

इराणमध्ये बापाने पोटच्या पोरीला मारलं तर त्याच्यावर किसास लागूच होत नाही. 2020मध्ये गिलान प्रांतातल्या चौदा वर्षांच्या रोमिना अश्रफीला बापाने विळ्याने मारलं आणि त्याला नऊ वर्षांची कैद झाली. त्याहून विचित्र तरतूद आहे ती पुरुषाने बाईचा खून केला तर. बाईच्या घरच्यांना त्याला फाशी हवी असेल तर त्यांनी आधी खुन्याच्या घरच्यांना पुरुषाची निम्मी दियत भरायची. म्हणजे मुलगी ज्यांची गेली त्यांनीच पैसे उभे करायचे. असगर फरहादींचा 2004मधला 'शहर-ए-जिबा' हा चित्रपट याच अडचणीवर उभा आहे. मुलीच्या खुन्याला फासावर चढवायचंच म्हणून हट्टाला पेटलेला, आणि त्यासाठी लागणारी रक्कम जवळ नसलेला एक धार्मिक बाप. त्याची बायको मात्र पैसे घेऊन माफ करा म्हणते, कारण तिच्या आजारी लेकीच्या शस्त्रक्रियेला पैसे हवेत. त्या चार भिंतींत प्रत्येकाचं म्हणणं बरोबर आहे, आणि पाहणाऱ्याला कोणाचीच बाजू घेता येत नाही.

केरळने अशी एक रक्कम सगळ्यांदेखत जमवली. कोळिकोडचा अब्दुल रहीम 2006मध्ये चालक म्हणून रियाधला गेला. मालकाच्या अपंग मुलाला सांभाळणं हेही त्याचं काम. या मुलाचा श्वास आणि अन्न एका नळीवर अवलंबून होतं. गाडीत मुलाने चिडून काही हट्ट धरला, त्याला शांत करताना रहीमचा हात नळीला लागला, आणि मुलगा गेला, असं रहीमचं सांगणं. मृत्युदंड झाला. मुलाच्या कुटुंबाने बरीच वर्षं नाही म्हटलं आणि अखेर दीड कोटी रियालवर, म्हणजे सुमारे 34 कोटी रुपयांवर, तयारी दाखवली. एप्रिल 2024मध्ये मुदत संपायच्या आत मल्याळी माणसांनी ही रक्कम उभी केली. मोबाईल अॅपवरून, मशिदींतून, आखाती देशांतल्या मजुरांच्या पगारांतून. बॉबी चेम्मन्नूर या सराफाने तर राज्यभर झोळी घेऊन यात्रा काढली. हिंदू, ख्रिस्ती, मुसलमान सगळ्यांनी दिले. त्या जुलैत मृत्युदंड रद्द झाला.

पण रहीम सुटला नाही. वारसांचा हक्क संपला तरी राज्याचा हक्क शिल्लक होता. सुनावण्यांमागून सुनावण्या पुढे ढकलल्या गेल्या आणि मे 2025मध्ये न्यायालयाने त्याला वीस वर्षांची कैद सुनावली. त्यातली बहुतेक त्याची भोगूनही झाली होती. सौदीत आणखी एक पेच असतो. मृताची मुलं लहान असतील तर ती सज्ञान होऊन आपला निर्णय सांगेपर्यंत आरोपी तुरुंगात खितपत पडतो. बाप मेला तेव्हा दोन वर्षांचं असलेलं मूल वाढत असतं, आणि त्याच्या घरातले सगळे त्याला आठवण देत असतात की एक दिवस तुला सांगायचं आहे, मारायचं की सोडायचं. एका पोराच्या बालपणावर याहून जड ओझं मला सुचत नाही.

आखातात कोकणातल्या अनेक घरांतली माणसं गेली अर्धशतक राबताहेत, खेड, चिपळूण, दापोली, श्रीवर्धन, म्हसळा इथली. दियत तिथे बहुधा रस्त्यावरच्या अपघातानंतर कागदांच्या रूपाने भेटते. वारसा दाखला काढा, मुखत्यारपत्र करा, त्यावर परराष्ट्र खात्याचा शिक्का आणा, मग त्या देशाच्या वकिलातीचा. नवरा गेलेली बाई तहसील कचेरीपासून मुंबईपर्यंत खेपा घालते आणि मग कधीतरी रक्कम जमा होते. त्या पैशातून मुलांची शिक्षणं होतात. तिच्या लेखी ती कोणाला दिलेली माफी नसते. हे पैसे तिच्या हक्काचे आहेत आणि तिला ते दिरंगाई न होता मिळायला हवेत, यात दुमत असायचं कारण नाही.

वारसांनी खुन्याला माफ करायचा हा अधिकार एकेकाळी आपल्याकडेही होता. बंगालमध्ये कंपनीच्या राज्यात फौजदारी न्याय इस्लामी कायद्याने चाले. गव्हर्नर जनरल कॉर्नवॉलिसने 1790च्या सुमारास मृताच्या नातेवाइकांचा माफीचा अधिकार काढून घेतला. मुंबई इलाख्यात 1827च्या एल्फिन्स्टन संहितेने नवा फौजदारी कायदा आणला. तेव्हापासून खून हा सरकारविरुद्धचा गुन्हा झाला आणि मृताच्या घरचे साक्षीदारांच्या बाकावर गेले. त्यात फायदा मोठा आहे. इथे कोणी जमीनदार वारसांना धमकावून खुनाचा खटला कायदेशीरपणे मिटवू शकत नाही. साक्षीदार फोडून मिटवतो, ही गोष्ट वेगळी. पण त्या घराला मात्र फारसं काही विचारलं जात नाही. जामीन झाला, शिक्षा कमी झाली, हे त्यांना वर्तमानपत्रातून कळतं. फौजदारी प्रक्रिया संहितेत पीडितांना भरपाईची योजना आणि सुटकेविरुद्ध अपिलाचा अधिकार मिळाला तो 2009 संपता संपता. पावणेदोनशेहून जास्त वर्षं लागली. जिल्हा न्यायालयाच्या व्हरांड्यात तारखेला येऊन बसणारी मृताची आई पाहिली की मला नेहमी वाटतं, हिला कोणीतरी एकदा तरी विचारायला हवं की बाई, तुझं म्हणणं काय? जीव घेण्याचा अधिकार तिला नको. पण तिचं ऐकून घेणं एवढं तरी हवं.

इराणमध्ये हे ऐकून घेण्याचं काम माणसं करतात. अमेरिकेतल्या अभ्यासक अर्जू ओसानलू यांनी या कामाचा वर्षानुवर्षं मागोवा घेऊन 2020मध्ये पुस्तक लिहिलं. समाजसेविका, वकील, मौलवी, कधी शेजारपाजारचे वडीलधारे मृताच्या घरी जातात. एकदा नाही, महिनोन् महिने. पहिल्यांदा दार तोंडावर आपटलं जातं. दुःखाची वर्षं जातात, रागाची जातात, आणि मग कधीतरी बोलणं होतं. 'इमाम अली' ही तेहरानच्या शरीफ विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांनी सुरू केलेली संस्था अल्पवयात गुन्हा घडलेल्या कैद्यांसाठी असंच काम करायची. इराणमधल्या फाशींची नोंद ठेवणाऱ्या नॉर्वेतल्या 'इराण ह्यूमन राइट्स' या संस्थेच्या अहवालांतून एक गोष्ट वारंवार दिसत आली आहे. किसास मागून फाशी देववणाऱ्या कुटुंबांपेक्षा माफ करणारी कुटुंबं जास्त असतात. धमकी नसेल, घाई नसेल, कोणी आपलं दुःख मान्य केलं असेल, तर माणसं बहुधा सोडून देतात.

2021मध्ये न्यायालयाच्या आदेशाने 'इमाम अली' संस्था बरखास्त झाली. 2024मध्ये इराणमध्ये किमान 975 जणांना फाशी दिल्याची त्याच नॉर्वेतल्या संस्थेची नोंद आहे, आणि त्यातल्या चारशेहून अधिक किसासच्या होत्या. आंतरराष्ट्रीय व्यासपीठावर याबद्दल विचारणा झाली की इराणी अधिकाऱ्यांचं उत्तर ठरलेलं असतं. किसास हा वारसांचा खाजगी हक्क आहे, त्यात सरकार ढवळाढवळ करू शकत नाही. कायदा सरकारने केला, खटला सरकारी न्यायालयाने चालवला, तुरुंग सरकारचा, दोर सरकारचा, समजूत घालणाऱ्यांची संस्था बंद केली तीही सरकारनेच. आणि चारशे मृत्यूंचा जबाब मागितला की बोट दाखवायचं ते ज्यांच्या घरातलं माणूस आधीच गेलंय त्यांच्याकडे.